जॅझवर लिहायचंय? आधी बोटांवर मोजा

पहिलं म्हणजे नोकरी सोडू नका. कवी फिलिप लार्किन १९६१ ते १९७१ अशी दहा वर्षं 'डेली टेलिग्राफ'मध्ये जॅझ रेकॉर्डांची परीक्षणं लिहीत होते, पण घर चालायचं ते हल विद्यापीठातल्या ग्रंथपालाच्या पगारावर. मी जर्सी सिटीत राहून एका विमा कंपनीचं सॉफ्टवेअर सांभाळतो आणि दिवाळी अंकांत जॅझवर लिहितो. त्या मानधनात इथल्या क्लबची दोन तिकिटं निघाली तरी नशीब!

आता कान. सॅक्सोफोनवादक कोलमन हॉकिन्सचं ११ ऑक्टोबर १९३९ला रेकॉर्ड झालेलं 'बॉडी अँड सोल' लावा. तीनतालाच्या मात्रा मोजतो तसे बोटांवर बार मोजा. चार ठोक्यांचा एक बार आणि ३२ बारचं एक आवर्तन. त्याला कोरस म्हणतात. सुरुवातीचा पियानोचा छोटा तुकडा सोडा आणि सॅक्सोफोन आला की मोजायला लागा. हॉकिन्स दोनच आवर्तनं वाजवतो. मूळ चाल सुरुवातीला जेमतेम दिसते, मग तो चालीखालचे कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे सूर, धरून स्वतःचीच चाल रचत जातो. चाल नेमकी कुठं सुटली तो बार वहीत टिपा. 'अप्रतिम', 'काळजाला भिडणारं' असं काही लिहिलं गेलं तर खोडा आणि त्या बारमध्ये काय घडलं ते लिहा. ख्यालाची उपमा जपून वापरा. मला तिचा फार मोह होतो आणि निम्म्या वेळा ती फसते.

कोण काय वाजवतंय हे रेकॉर्डच्या कव्हरवरून उतरवू नका. सॅक्सोफोनवादक चार्ली पार्करच्या 'को-को' या रेकॉर्डमधला ट्रम्पेट माइल्स डेव्हिसचा, असं मी एकदा बिनधास्त लिहून टाकलं. २६ नोव्हेंबर १९४५च्या त्या सेशनला एकोणीस वर्षांचा माइल्स हजर होता हे खरंच, पण 'को-को'त ट्रम्पेट डिझी गिलेस्पीनं वाजवलाय. एका वाचकानं पोस्टकार्ड पाठवून माझी चूक दाखवली. कार्ड अजून माझ्या वहीत आहे.

चरित्राला हात घालाल तेव्हा कागद शोधायला बाहेर पडा. मी रजा टाकून गाडीनं नेवार्कला, रटगर्स विद्यापीठातल्या 'इन्स्टिट्यूट ऑफ जॅझ स्टडीज'मध्ये जातो. ट्रम्पेटवादक आणि गायक लुई आर्मस्ट्राँगवर लिहायचं तर न्यू यॉर्कच्या क्वीन्स भागातल्या कोरोना वस्तीत जावं लागतं. तिथं त्याचं घर आहे, आणि त्यानं स्वतः भरलेल्या टेपही. टेपच्या खोक्यांवर त्यानंच कात्रणं चिकटवून चित्रं केलीत. टेप ऐकताना माणसाच्या प्रेमात पडायला होतं, आणि चरित्रकाराला धोका तिथंच.

आर्मस्ट्राँग जन्मभर सांगत आला की तो ४ जुलै १९००चा, म्हणजे अमेरिकेच्या स्वातंत्र्यदिनाचा. लोकांनीही १९७०मध्ये त्याची सत्तरी थाटात साजरी केली. पुढच्याच जुलैत तो गेला. मग १९८०च्या दशकात टॅड जोन्स या संशोधकाला न्यू ऑर्लीन्सच्या एका चर्चच्या वहीत त्याच्या बाप्तिस्म्याची नोंद सापडली. जन्म ४ ऑगस्ट १९०१! समीक्षक गॅरी गिडिन्सनं १९८८च्या चरित्रात ती तारीख जगापुढं आणली. हे गिडिन्स न्यू यॉर्कच्या 'व्हिलेज व्हॉइस' साप्ताहिकात तीसेक वर्षं जॅझवर स्तंभ लिहीत होते. आधी कान, मग कागद, हा क्रम त्यांच्याकडून उचलावा.

पण कागद सापडला म्हणून कलाकाराला खोटारडा ठरवू नका. गरीब वस्तीतल्या पोराचा वाढदिवस कोण लिहून ठेवतं? माझ्या आजीची जन्मतारीख '१ जून' आहे, कारण शाळेच्या मास्तरांनी तीच घातली. दोन्ही तारखा लिहा: कागदावरची आणि माणूस ज्या तारखेला मेणबत्त्या विझवत होता ती.

कोलंबिया विद्यापीठाचं रेडिओ केंद्र ४ जुलैला आणि ४ ऑगस्टलाही दिवसभर आर्मस्ट्राँग लावतं. मी दोन्ही दिवशी ऐकतो.