काती ओउतिनेन यांचे चित्रपट कोणत्या क्रमाने पाहावेत

हेलसिंकीत १९६१ साली जन्मलेल्या या अभिनेत्रीला २००२ मध्ये कान महोत्सवात पुरस्कार मिळाला. पण ज्या चित्रपटासाठी तो मिळाला, त्यापासून सुरुवात करू नका. आधी फिनिश दिग्दर्शक आकी कौरिस्माकी यांचा १९८६चा ‘वार्योया पारातीसिस्सा’ (इंग्रजीत ‘शॅडोज इन पॅरडाइज’) पाहा. त्यात त्या सुपरमार्केटमधल्या कॅशिअर आहेत.

मग कौरिस्माकी यांचाच १९९०चा ‘तुलितिक्कुतेह्तान त्युत्त्यो’ (‘द मॅच फॅक्टरी गर्ल’), जेमतेम सत्तर मिनिटांचा. माझ्या मते हाच कळस. संवाद मोजकेच, त्यामुळे सबटायटलची वाट पाहत बसलात तर हाती काही लागत नाही; सगळं नजरेत, मानेत आणि थांबण्यात आहे. वेग वाढवून तर मुळीच पाहू नका, विराम मोडले की अभिनयच सपाट वाटतो. काड्यापेटीच्या कारखान्यात काम करणाऱ्या नायिकेचे हात नीट बघा.

शेवटी तो पुरस्कार मिळवून देणारा, २००२चा ‘मिएस वाइल्ला मेन्नेइस्युत्ता’ (‘द मॅन विदाउट अ पास्ट’): साल्वेशन आर्मी या ख्रिस्ती सेवाभावी संस्थेतली इर्मा.