सर्व्हरच्या घड्याळाला हात लावण्याआधी: ऐरोली-महापेत नव्याने रुजू होणाऱ्यांसाठी

ठाणे-बेलापूर रस्त्यावर, ऐरोली, रबाळे, महापे या पट्ट्यातल्या डेटा सेंटरमध्ये लागलेल्या मुलामुलींना पासवर्ड, बॅकअप, फायरवॉल हे सगळं पहिल्या आठवड्यात शिकवलं जातं. घड्याळाबद्दल मात्र फारसं कोणी बोलत नाही. रूट ॲक्सेस, म्हणजे सर्व्हरवरचे पूर्ण अधिकार, हातात आला की सर्व्हरची वेळ बदलायला एकच कमांड पुरते. तिने काय बिघडतं आणि ती द्यायची परवानगी कोणाकडून घ्यायची, ते इथे सांगतो.

आधी नियम. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार यंत्रणेची घड्याळं एनआयसी (सरकारचं माहिती-तंत्रज्ञान केंद्र) किंवा एनपीएल (राष्ट्रीय भौतिक प्रयोगशाळा) यांच्या एनटीपी सर्व्हरशी, म्हणजे नेटवर्कवरून अचूक वेळ पुरवणाऱ्या सर्व्हरशी, नाहीतर त्यांच्यापर्यंत माग लागेल अशा सर्व्हरशी जुळलेली हवीत. लॉग, म्हणजे यंत्रणेत काय कधी घडलं त्याच्या नोंदी, १८० दिवस जपायचे आणि सायबर घटना लक्षात आल्यापासून ६ तासांत कळवायची. प्रकरण कोर्टात गेलं तर भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ प्रमाणे प्रमाणपत्र द्यावं लागतं, त्यात फाइलचा हॅश, म्हणजे तिच्या मजकुरावरून काढलेला ठसा, असतो. इथे अनेकांची गफलत होते. फाइल नंतर बदलली नाही, एवढंच हॅश दाखवतो. लॉग लिहिला गेला त्या क्षणी घड्याळच खोटं असेल तर हॅशला ते कळत नाही.

साध्या क्वार्ट्झ घड्याळात २० पीपीएमची (दहा लाखांत वीस भागांची) चूक असली तरी दिवसाला पावणेदोन सेकंद सरकतात, म्हणून एनटीपी सतत चालू लागतं. सोर्स, म्हणजे जिथून वेळ घ्यायची ते सर्व्हर, किमान चार ठेवा. दोन असतील आणि त्यांचं जमलं नाही, तर खरा कोण ते ठरत नाही. तिघांत बहुमत निघतं, आणि चौथा एखादा बंद पडला तर कामाला येतो. ड्यूटीवर आलात की क्रॉनी, म्हणजे एनटीपीने वेळ जुळवणारा प्रोग्राम, त्याची सोर्सेसची यादी बघा. तारका असलेला सोर्स सध्या वापरात आहे. एक्स असेल तर तो इतरांशी जुळत नाही. प्रश्नचिन्ह असेल तर त्याच्याशी नीट संपर्क नाही. अशा वेळी बहुतेकदा फायरवॉलवर एनटीपीचा यूडीपी १२३ पोर्ट बंद सापडतो.

व्हर्च्युअल मशीनमध्ये एक सापळा आहे. होस्टकडून (ते ज्या खऱ्या मशीनवर चालतं त्याच्याकडून) वेळ घेणारं टूल आणि आतली क्रॉनी, दोन्ही चालू राहिली तर घड्याळ दोघांच्या ओढाताणीत पुढेमागे होतं. एकच ठेवा. जुना स्नॅपशॉट, म्हणजे मशीनची आधी जपलेली प्रत, परत आणला तर सेवा सुरू करण्याआधी वेळ तपासा.

आता मुख्य गोष्ट, चुकलेली वेळ दुरुस्त करणं. स्ल्यू म्हणजे घड्याळ किंचित हळू किंवा जलद चालवून फरक जिरवणं; स्टेप म्हणजे एकदम उडी. एनटीपीडी या क्रॉनीसारख्याच प्रोग्रामची स्ल्यूची मर्यादा ५०० पीपीएम, म्हणजे १ सेकंद जिरवायला २००० सेकंद, सुमारे ३३ मिनिटं. ४ मिनिटांचा फरक असेल तर साडेपाच दिवस लागतात, तेव्हा उडीला पर्याय उरत नाही. पुढची उडी त्यातल्या त्यात बरी. मागची उडी घातक असते. नंतरच्या व्यवहारावर आधीची वेळ पडते, आणि ज्या नोंदीची वेळ शेवटची तीच खरी मानणारा डेटाबेस नवी दुरुस्ती टाकून देतो आणि जुनी नोंद ठेवतो.

सर्व्हर ४ मिनिटं पुढे गेलाय असं धरा. आधी लॉगची प्रत वेगळ्या मशीनवर काढा. खऱ्या वेळेशी नेमका किती फरक आहे तो लिहून घ्या. हा आकडा लिहायचा राहिला तर जुने लॉग पुढे कोणालाच लावता येत नाहीत. मग ॲप्लिकेशन, त्यानंतर डेटाबेस बंद करा. डेटाबेसमधल्या शेवटच्या नोंदीची वेळ बघा, समजा १४:०७:३२. घड्याळ बरोबर करा आणि खरी वेळ १४:०७:३२ च्या पुढे जाईपर्यंत थांबा. मगच सेवा उघडा. ही चार मिनिटं फार लांब वाटतात, फोन वाजत राहतात. तरी थांबाच.

प्रॉडक्शनवरचा, म्हणजे प्रत्यक्ष वापरातल्या यंत्रणेवरचा, असा बदल चेंज ॲडव्हायझरी बोर्डाकडून, म्हणजे सगळे म्हणतात त्या कॅबकडून, मंजूर करून घ्यायचा. विनंतीत फरक किती, तो कशाने कळला, उडी मागे की पुढे, कोणत्या सेवा बंद राहतील आणि कमांड देताना दुसरा कोण हजर असेल, एवढं हवं. ‘टाइम सिंक इश्यू’ एवढंच लिहिलेली विनंती कॅबने परत पाठवावी, असं आमचं स्पष्ट मत आहे.

३१ मार्चच्या रात्री वेगळीच मागणी येते: बॅच (व्यवहारांचं एकगठ्ठा काम) उशिरा संपली, घड्याळ जरा मागे घ्या, नोंद आजच्या तारखेत बसू दे. ही दुरुस्ती नाही, खोटी नोंद आहे, आणि ती मंजूर करायचा अधिकार कॅबलाही नसावा. टेबलात घटनेची वेळ आणि नोंदीची वेळ असे दोन कॉलम असतील तर हा प्रश्नच सुटतो: व्यवहार कधी झाला ते पहिल्यात, सिस्टीममध्ये कधी चढला ते दुसऱ्यात. तारीख बदलून चाचणीच घ्यायची असेल तर नेटवर्कपासून तोडलेलं वेगळं मशीन घ्या.

सांगणारे साहेब वरिष्ठ असतील, सूचना तोंडी असेल. “सर, एवढं मेलवर टाका, मी कॅबच्या तिकिटाला जोडतो,” असं नम्रपणे म्हणा. मेल आला तरी घड्याळ हलवू नका. तो मेल आणि तिकीट क्रमांक शिफ्टच्या हँडओव्हरमध्ये लिहून पुढच्या माणसाच्या ताब्यात द्या.