बँक की होम: पोकेमॉन कुठे ठेवायचे?

माझ्या जुन्या थ्रीडीएसवरचे (निन्टेन्डोचा हातात धरून खेळायचा कन्सोल) पोकेमॉन हलवायला मी दोन वर्षं टाळाटाळ केली. तुम्ही तेवढी करू नका.

पोकेमॉन बँक म्हणजे गेममधले पोकेमॉन साठवून ठेवायचं थ्रीडीएसवरचं अ‍ॅप. १०० पेट्या, प्रत्येकीत ३०, म्हणजे ३,००० जागा. मार्च २०२३ मध्ये त्या कन्सोलचं ई-शॉप, म्हणजे ऑनलाइन दुकान, बंद झालं आणि बँक फुकट झाली. पण ज्यांनी ती आधी उतरवून घेतलेली नाही, त्यांना आता मिळत नाही. तुमच्याकडे असेल तर तो कन्सोल रद्दीत टाकू नका!

२०२० साली आलेलं पोकेमॉन होम हेही साठवणीचंच अ‍ॅप, पण ते स्विच या निन्टेन्डोच्या नंतरच्या कन्सोलवर आणि मोबाइलवर चालतं. फुकट खात्यात फक्त ३० जागा. पैसे भरलेत तर ६,०००. बँकेतून होममध्ये आणायलाही पैसे भरलेलंच खातं लागतं, त्यामुळे आधी बँकेतली आवराआवर करा, मग महिन्याभराची वर्गणी भरा.

आवराआवर का? कारण पोकेमॉन एकेक करून नाही, पेटीपेटीने जातात, आणि परतीची वाट नाही. मी घाईत एक पेटी निवडली, त्यात माझा पहिला सेप्टाइल होता. आता तो जुन्या गेममध्ये कधीच येणार नाही. तेव्हा ज्यांना मागेच ठेवायचंय त्यांची पेटी वेगळी करा, तिला ठळक नाव द्या.

आणखी एक: मोबाइलवरच्या होममधून स्विचच्या गेममध्ये पोकेमॉन टाकता येत नाहीत. त्यासाठी स्विचवरचंच होम उघडावं लागतं. मोबाइलचं अ‍ॅप अदलाबदलीला मात्र झकास.