गाणं बाहेर सोडण्याआधी एवढे कागद करा

गेली चौदा वर्षं मी पुण्यात स्वतः लिहिलेली, स्वतः चाल लावलेली रॉक गाणी गाते. नवी मुलं भेटली की गिटार कुठली घेऊ म्हणून विचारतात. मी त्यांची वही मागते.

गाणं बसलं की त्याच रात्री वहीत लिहायचं: तारीख, शब्द कुणाचे, चाल कुणाची. माझ्या एका पानावर आहे, ‘शब्द आणि मुखडा माझा. अंतऱ्याची चाल बेसवाल्याची. वाटा ७०-३०.’ खाली दोघांच्या सह्या, कोपऱ्यात चहाच्या कपाचा गोल डाग. तालमीनंतर सगळे खुशीत असतात, तेव्हाच हे उरकून घ्या. गाणं चाललं की मग प्रत्येकाला आपलाच वाटा मोठा वाटायला लागतो. रिफ, म्हणजे गाण्यात पुन्हा पुन्हा येणारी गिटारची छोटी धून, बसवणाऱ्या गिटारवाल्याला चालीच्या वाट्यात धरायचं का, तेही तेव्हाच ठरवा. मी धरते. लोक पुष्कळदा तो रिफच गुणगुणत घरी जातात.

कायद्याच्या नजरेत एका गाण्यात तीन वस्तू असतात: शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण. तिन्हींचे मालक वेगळे असू शकतात. शब्द आणि चालीवरचा हक्क निर्मात्याच्या हयातीत आणि त्यानंतर ६० वर्षं राहतो, ध्वनिमुद्रणावरचा प्रकाशनानंतर ६० वर्षं. नोंदणी केली नाही तरी हक्क असतोच, पण पुरावा लागतो. म्हणून स्टुडिओचे पैसे तुम्ही भरले असतील तर बिल स्वतःच्या नावावर घ्या आणि जपून ठेवा.

आता करार. मी एकदा चार पानांवर उभ्या उभ्या सही केली होती. एकरकमी पैसे, ‘सर्व हक्क कायमचे’. पुढे ते गाणं जाहिरातीत वाजलं, आणि मी ते शेजारच्यांच्या टीव्हीवर ऐकलं. त्या रात्री झोप लागली नाही. नंतर एका वकील मैत्रिणीने दाखवलं, की २०१२ च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर शब्द आणि चालीच्या रॉयल्टीतला आपला समान वाटा वारस किंवा रॉयल्टी गोळा करून वाटणारी कॉपीराइट संस्था सोडून कुणालाही लिहून देता येत नाही. सही केली असली तरी! हे मला आधी कुणी सांगायला हवं होतं, म्हणून मी भेटेल त्याला सांगते. करारात हक्क किती काळ दिला ती मुदत लिहिलेली नसेल तर ५ वर्षं धरतात आणि प्रदेश लिहिलेला नसेल तर भारतापुरतं. छापील करारात हे दोन्ही रकाने बहुतेक वेळा भरूनच येतात. ते खोडायला सांगा.

प्रत्येक ध्वनिमुद्रणाला १२ अक्षर-आकड्यांचा आयएसआरसी क्रमांक असतो, म्हणजे त्या ध्वनिमुद्रणाची आंतरराष्ट्रीय ओळखखूण. त्याच गाण्याची लाइव्ह आवृत्ती काढलीत तर तिला वेगळा घ्या. नावाचं स्पेलिंग सगळीकडे एकच ठेवा.

शेवटी १९६९ पासून चालत आलेल्या आयपीआरएसचं, म्हणजे गीतकार-संगीतकारांच्या कॉपीराइट संस्थेचं, सभासद व्हा. तिथे प्रत्येक गाणं नोंदवताना वाटे विचारतात. वही उघडून तेच आकडे उतरवा.