आई-वडिलांची जुनी पत्रं आणि कॅसेट : या चुका टाळा

पहिली चूक गठ्ठ्याची दोरी सोडतानाच होते. पत्रं कोणत्या क्रमाने, कशाबरोबर ठेवली होती, यावरूनही ती जपणारा माणूस कळतो. आधी फोटो काढा, मग प्रत्येक पत्राच्या मागच्या कोपऱ्यात मऊ पेन्सिलीने हलकेच क्रमांक घाला. पाकीट टाकू नका. पत्रावर तारीख नसेल तर टपालाच्या शिक्क्यावरून काळ कळतो. फाटलेल्या घडीला चिकटपट्टी लावू नका, तिचा गोंद कागदात उतरून पिवळा डाग पडतो. लॅमिनेशनही नको. स्कॅन ६०० डीपीआयवर (दर इंचाला ६०० ठिपके) आणि रंगीतच करा, नाहीतर मागाहून वेगळ्या शाईने घातलेली ओळ ओळखू येत नाही.

कॅसेट थेट वाजवू नका. वरच्या कडेचे दोन्ही प्लास्टिकचे खटके आधी मोडा. मग चुकून रेकॉर्डचं बटण दाबलं तरी आवाज पुसला जात नाही. प्लेअरचं हेड, म्हणजे टेपला टेकून आवाज वाचणारा भाग, आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून सुकू द्या. आवाज दबका आला म्हणून टेप गेली असं समजू नका. बरेचदा टेपमागचा फेल्टचा छोटा तुकडा गळून पडलेला असतो; अशी टेप स्क्रूने उघडणाऱ्या दुसऱ्या कॅसेटच्या खोक्यात घालता येते. सी-१२० ची, म्हणजे १२० मिनिटांच्या कॅसेटची टेप फार पातळ असते, ती भरभर पुढे-मागे पळवू नका. रेकॉर्डिंग २४ बिट, ४८ किलोहर्ट्झच्या वेव्ह फाइलमध्ये घ्या. खरखर काढायची तर प्रतीवर. मूळ फाइलमधले श्वास आणि थांबे तसेच राहू द्या.

सगळ्यात महागात पडते ती अर्थ लावण्यातली घाई. एका रागाच्या पत्रावरून वडील तापट ठरवू नका. त्याच महिन्यात त्यांनी मित्राला, भावाला काय लिहिलं तेही शेजारी ठेवून वाचा. माणूस प्रत्येकाशी वेगळा बोलतो. 'सगळं ठीक आहे' हे वाक्य तर काळजीपोटीही लिहिलं जातं, म्हणून त्या काळातलं आजारपण, नोकरी, बदली यांच्या तारखा तुमच्या वहीच्या समासात मांडा, मूळ पत्रावर नाही. टेपवरही माइकसमोरच्या तयार बोलण्यापेक्षा 'चालू झालं का?' विचारतानाचा आवाज जास्त मोकळा असतो. ती सुरुवात कापू नका.

आणि तुमच्याकडे आहेत ती बहुधा आलेली पत्रं. आई-वडिलांनी स्वतः लिहिलेली समोरच्यांच्या घरी असतील. निष्कर्ष काढण्याआधी त्या घरी विचारा.