मोड म्हणजे थाट नव्हे: अर्ली म्युझिक शिकायला येणाऱ्यांसाठी

मी पुण्यात नऊ वर्षं ख्याल शिकले आणि मग युरोपात म्युझिकॉलॉजीच्या मास्टर्सला आले, त्यामुळे पहिल्या सेमिस्टरला मोड्सचा, म्हणजे युरोपच्या जुन्या संगीतातल्या (अर्ली म्युझिक) स्वरप्रकारांचा, कोर्स दिसला तेव्हा वाटलं हा तर आपल्या घरचा विषय. पहिल्याच आठवड्यात वहीत टेबल करून टाकलं, डोरियन म्हणजे काफी, फ्रिजियन म्हणजे भैरवी, लिडियन म्हणजे कल्याण, मिक्सोलिडियन म्हणजे खमाज. नुसते स्वर बघितले तर हे टेबल चूक नाहीये. पण त्याच्यामुळे माझे तीन महिने गेले, कारण पुढे जे पुस्तक उघडलं त्यात मोड म्हणजे थाट, म्हणजे नुसता सात स्वरांचा संच, असंच मी वाचत गेले आणि पुस्तक वेगळंच काहीतरी सांगत होतं. आपल्याकडून गाणं शिकून इकडे येणारे बरेच जण याच वाटेने जातात म्हणून हे लिहितेय.

मध्ययुगातले मोड आठ. शेवटचे स्वर मात्र चारच, डी, ई, एफ आणि जी, आणि प्रत्येकावर दोन मोड, एक ऑथेंटिक म्हणजे चाल शेवटच्या स्वराच्या वरच्या अंगाला पसरते, दुसरा प्लेगल म्हणजे त्या स्वराच्या खालीही चांगली उतरते. म्हणजे मोड १ आणि मोड २ चे स्वर तेच, मुक्काम तोच, तरी मोड दोन. थाटाच्या हिशेबात हे बसतच नाही. पण पूरिया आणि सोहनी हे राग आठवा, स्वर तेच, एक मंद्रात रमतो आणि दुसरी तारसप्तकात, आपल्याला कुणी समजावून सांगावं लागत नाही. त्यामुळे तुलना करायचीच असेल तर रागाशी करा, थाटाशी नको, आणि तीही पुस्तकात शिरेपर्यंतच.

शिरल्यावर का सोडायची, तर मोड आला कुठून ते बघा. चर्चमध्ये साम म्हणजे बायबलमधली स्तोत्रं ठरलेल्या चालींवर म्हणायचे आणि त्याच्या आधी-नंतर अँटिफन नावाची छोटी चाल गायची, मग या अँटिफनला कुठली सामची चाल जुळेल हे गाणाऱ्याला पटकन कळायला हवं. त्यासाठी याद्या केल्या, टोनरी म्हणतात त्यांना, सगळ्यात जुनी आठव्या शतकाच्या शेवटाची आहे. म्हणजे मोड हा आधी वर्गीकरणाचा कप्पा आहे. मोड १ मध्ये साम ए वर म्हणतात, मोड २ मध्ये एफ वर, मोड ८ मध्ये सी वर, आणि हा रिसाइटिंग टोन लक्षात ठेवला की मोड ओळखायला अर्धं काम होतं. मला हे कळलं ते पुस्तकातून नाही, गाऊन. लीबर उझुआलिस या चर्चच्या चालींच्या पुस्तकाची स्कॅन नेटवर फुकट मिळते, त्यात प्रत्येक चालीच्या सुरुवातीला मोडचा आकडा छापलेला असतो. पुएर नातुस (मोड ७) आणि वेनी क्रेआतोर (मोड ८) या त्यातल्या दोन चाली लागोपाठ गा. दोन्ही जी वर संपतात. पहिलं सुरुवातीलाच जी वरून थेट डी वर उडी मारतं, दुसरं जी च्या आसपास वर-खाली करत हळूहळू चढतं. आठवडाभर रोज गा, मगच थिअरी वाचा.

आता पुस्तकं. कुठलंही उघडलं की आधी विचारा, हा कुठल्या शतकातला मोड? डोरियन-फ्रिजियन ही ग्रीक नावं आठ मोडांना नवव्या शतकात चिकटली, प्राचीन ग्रीकांची डोरियन ती ही नव्हे. मग ग्लारेआनस या स्विस विद्वानाने १५४७ मध्ये बाझलला ग्रंथ छापला आणि आठाचे बारा केले, आयोनियन आणि एओलियन तिथून येतात. इटलीतल्या त्सार्लीनोने बारा घेतले पण १५७१ मध्ये आकडेच बदलले, पहिला मोड सी वरून सुरू केला. त्यामुळे "पहिला मोड" म्हणजे कुठला ते लेखक बघितल्याशिवाय सांगताच येत नाही. शिवाय तेराव्या शतकातल्या पॅरिसच्या संगीतात मोडस म्हणजे लयीचे सहा साचे, त्यांचा स्वरांशी काही संबंध नाही. इंडेक्समध्ये मोड शोधून थेट त्या पानावर गेलात तर गोंधळ होणारच.

ज्या लेखकामुळे माझं डोकं ताळ्यावर आलं तो हॅरल्ड पॉवर्स. त्याची पीएचडी दक्षिण भारतीय रागांवर, आणि १९८० च्या न्यू ग्रोव्ह या संगीतकोशात मोडवरचा भला मोठा लेख त्याचा, त्यात चर्चच्या ग्रेगोरियन चालींपासून राग आणि अरबी-तुर्की मकामपर्यंत सगळं येतं. १९८१ मध्ये त्याने मांडलं की सोळाव्या शतकातल्या अनेक आवाजांच्या रचनेत तीन गोष्टी कागदावरच दिसतात, सुरुवातीला बी फ्लॅट (कोमल बी) आहे का, क्लेफ (कुठली रेघ कुठला स्वर हे सांगणारी खूण) कुठल्या, शेवटचा स्वर कोणता. याला तो टोनल टाइप म्हणतो. मोड मात्र त्या संस्कृतीतल्या माणसांनी मानायची गोष्ट. हा फरक त्याने भाषाशास्त्रातून घेतला, एटिक म्हणजे बाहेरून मोजता येतं ते आणि एमिक म्हणजे त्या माणसांना आतून वेगळं वाटतं ते, आणि मराठी माणसाला तो अनुस्वारावरून लगेच कळेल. अंगण, अंजीर, अंडं, अंत, अंबर, पाचही ठिकाणी नाकातला आवाज वेगळा निघतो, मोजून दाखवता येतो, पण आपण एकच टिंब देतो आणि आपल्याला एकच काहीतरी ऐकू येतं. मोजता येतो तो टोनल टाइप, टिंब म्हणजे मोड.

बर्नहार्ड मायर याच्या उलट बाजूला आहे, त्याच्या मते संगीतकार मोडमध्येच विचार करत होते. त्याचं जर्मन पुस्तक १९७४ चं, इंग्रजी भाषांतर १९८८ ला आलं. माझा सल्ला, मायर आधी वाचा आणि मन लावून वाचा, त्याच्याइतक्या रचना बारकाईने बघितलेली माणसं कमी, आणि मग पॉवर्स. उलट क्रमाने वाचलं की मायरकडे दुर्लक्ष होतं आणि तो अन्याय आहे. या दोघांनंतर फ्रान्स वीरिंग या अभ्यासकाचं २००१ चं मोडवरचं पुस्तक घ्या. लॅटिन थोडं तरी शिका, मूळ ग्रंथ इंडियाना युनिव्हर्सिटीच्या थेसॉरस म्युझिकारम लॅटिनारम या ऑनलाइन संग्रहात फुकट आहेत आणि एक पान वाचायला सुरुवातीला दोन तास लागले तरी चालेल. सी क्लेफ वाचायची सवय मात्र पहिल्या दिवसापासून करा, ती नसेल तर पॉवर्सचं एकही टेबल कळत नाही.

आणि वाद स्वतः तपासायचा असेल तर सोळाव्या शतकातला संगीतकार लास्सो याची पश्चात्तापाची सात सामं घ्या, म्युनिकला १५८४ मध्ये छापलेली. सामं सातच आणि तो एक ते सात मोड क्रमाने लावतो, मग आठवा रिकामा राहू नये म्हणून शेवटी लाउदातेची (म्हणजे देवाच्या स्तुतीची) एक रचना जोडतो. आठही रचनांची क्लेफ, फ्लॅट आणि शेवटचा स्वर कागदावर मांडा, आणि त्यातली तिसरी आणि चौथी आणखी चार-पाच जणांना जमवून गा.