चेकवरचे आकडे कसे वाचायचे, आणि खातेक्रमांक कुठे शोधायचा नाही

खात्याचा तपशील मागणारा फॉर्म भरताना कोरा चेक समोर घ्या आणि उजेडात धरा. व्हॉट्सॲपवर आलेल्या फोटोवरून आकडे उतरवू नका. त्यात ३ आणि ८ सारखेच दिसतात.

आधी वरचा भाग. बँकेच्या पत्त्याजवळ आयएफएससी असतो, म्हणजे ऑनलाइन पैसे पाठवताना शाखा ओळखणारा कोड. एकूण ११ जागा: पहिली चार अक्षरं बँकेची, शेवटच्या सहा जागा शाखेच्या, आणि मध्ये पाचव्या जागी शून्य. तिथे इंग्रजी 'ओ' लिहू नका.

आता खालची पांढरी पट्टी, डावीकडून. पहिले सहा आकडे चेक नंबर. चेक हरवला आणि पेमेंट थांबवायचं असलं की बँक हाच विचारते.

त्यानंतरचे नऊ आकडे म्हणजे एमआयसीआर कोड, चेक वटवताना यंत्राला शाखा ओळखता यावी म्हणून. त्याचे तीन-तीनचे तुकडे पाडा. पहिला तुकडा शहराचा. नागपूरच्या शाखेचा चेक असेल तर तिथे ४४० दिसेल. सीताबर्डी असो की महाल, आपल्या पिनकोडची सुरुवातही त्याच आकड्यांनी होते. दुसरा तुकडा बँकेचा, स्टेट बँकेचा ००२. तिसरा शाखेचा. पुण्यात खातं उघडून नागपूरला राहायला आला असाल तर चेकवर ४११ च राहील. कोड खात्याच्या शाखेचा असतो, तुमच्या घराचा नाही.

खरा घोळ पुढे आहे. नऊ आकड्यांनंतर पुन्हा सहा आकड्यांचा एक गट येतो, आणि निम्मे लोक तोच खातेक्रमांक म्हणून फॉर्मवर उतरवतात. मलाही हा गट बरेच दिवस उमगत नव्हता. काउंटरवर विचारलं तर "ते आमचं असते, तुमच्या कामाचं नाही" एवढंच ऐकायला मिळायचं. उत्तर तुटक होतं, पण बरोबर होतं. तो बँकेच्या अंतर्गत वापराचा आकडा आहे. स्टेट बँकेचा खातेक्रमांक ११ आकड्यांचा, एचडीएफसीचा १४ आणि पंजाब नॅशनल बँकेचा १६. तो सहा जागांत मावेल कसा? काही चेकांवर तर तिथे नुसती शून्यंच असतात.

हा गैरसमज पसरवण्यात यूट्यूबच्या व्हिडिओंचा मोठा वाटा आहे. बरेच व्हिडिओ अमेरिकेतल्या चेकचे असतात. तिथे खालच्या ओळीत नऊ आकडी राउटिंग नंबर आणि त्याच्या शेजारीच खातेक्रमांक छापतात. आपल्याकडेही नऊ आकडे आहेतच, त्यामुळे माणूस हटकून फसतो. भाऊ, तो व्हिडिओ बंद करा. आपल्या चेकवरचा खातेक्रमांक खालच्या पट्टीत नसतोच. तो वर, रकमेच्या ओळीखाली डाव्या बाजूला वेगळा छापलेला असतो. तोच पासबुकाशी आकडा-आकडा ताडून घ्या. सुरुवातीची शून्यंही सोडू नका.

अगदी उजवीकडचे दोन आकडे व्यवहाराचा प्रकार सांगतात: १० किंवा ३१ बचत खातं, ११ किंवा २९ चालू खातं. फॉर्ममध्ये ते कोणी मागत नाही.

चेकबुक जुनं असेल तर एक तपासणी आणखी करा. १ एप्रिल २०२० ला सिंडिकेट कॅनरात, अलाहाबाद बँक इंडियन बँकेत, आंध्रा आणि कॉर्पोरेशन युनियन बँकेत विलीन झाल्या; ओरिएंटल आणि युनायटेड पंजाब नॅशनल बँकेत गेल्या. कपाटात सापडलेल्या त्यांच्या चेकवरचे आयएफएससी आणि एमआयसीआर फॉर्मवर उतरवू नका. नव्या बँकेचं चेकबुक मागवा आणि त्यावरूनच लिहा.

कर्जाच्या हप्त्यासारख्या कामासाठी कॅन्सल्ड चेक द्यायचा असेल, तर चेकवर दोन तिरप्या रेषा ओढून मध्ये 'कॅन्सल्ड' लिहा. खातेक्रमांक, आयएफएससी आणि खालची पट्टी वाचता आली पाहिजे. पट्टीतली शाई चुंबकीय असते आणि ती यंत्र वाचतं, म्हणून तिथे शिक्का, घडी, स्टेपल काहीच नको. कॅन्सल्ड चेकवर सहीही करू नका. एजंट "इथे करून द्या ना" म्हणाला तर फॉर्म पुढे करा, त्यावर सहीची जागा असते.